आईच्या माहेरची वीट: मनसर ते गाविलगड

आईचं माहेर मनसरपासून दोन कोसांवर. लहानपणी गुरांमागे हिंडताना हिडिंबा टेकडी तिने रोज पाहिलेली. पण ती नुसती टेकडी नाही, तिच्या पोटात दीड हजार वर्षांपूर्वीचं विटांचं मंदिर आहे, हे तिला 69व्या वर्षी कळलं, तेही मी वाचून दाखवलेल्या वर्तमानपत्राच्या कात्रणावरून. "मले ते पाहाचं आहे," एवढंच ती म्हणाली. मी वीस वर्षं शाळेत इतिहास शिकवते. मुलांच्या सहली वेरूळ-अजिंठ्याला नेल्या, मनसरला एकदाही नेली नाही. ते मनात होतंच. त्रिपुरी पौर्णिमेची रामटेकची जत्रा उलटून आठवडा झाला, रस्त्यावरची गर्दी ओसरली, आणि आम्ही दोघी निघालो.

पहिला दिवस: कामठी, मनसर, नगरधन, रामटेक

या दिवसापुरती आम्ही एक वाटाडी ठरवली होती. रामटेकजवळच्याच खेड्यातली मुलगी, नागपूर विद्यापीठात प्राचीन इतिहास आणि पुरातत्त्व शिकलेली. मनसरला उत्खनन चालू असताना तिची आजी तिथे रोजंदारीवर माती उपसायला जायची. ती कामठीला चौकात आमची वाट पाहत उभी होती. गाडीत बसल्या बसल्या तिने आईला विचारलं, "मावशी, तुमचं माहेर कोणतं जी?" गावाचं नाव ऐकून ती हसली. तिच्या आत्याचं सासर तेच. पुढचा अर्धा तास त्या दोघी कोणाचं घर कुठे यावरच बोलत होत्या.

कामठीत आम्ही फार वेळ थांबलो नाही, पण तिथूनच सुरुवात करायचा तिचा हट्ट होता. 1817च्या नोव्हेंबरात सीताबर्डीच्या टेकडीवर नागपूरकर भोसल्यांचं सैन्य हरलं आणि चार वर्षांत, 1821 साली, कन्हानच्या काठी इंग्रजांची ही छावणी उभी राहिली. रुंद सरळ रस्ते, कडेला जुने वृक्ष, आत खोल सरकलेले कवेलूंचे बंगले, चर्च आणि गोऱ्या सोजिरांसाठी वसलेला तो गोरा बाजार. आजही हे लष्कराचंच गाव आहे. गार्ड्‌स रेजिमेंटचं केंद्र इथेच आहे. पोरगी म्हणाली, "इथं सगळ्याची तारीख सापडते, ताई. कोणत्या साली छावणी, कोणत्या साली करार. आता आपण जिथं चाललो नं, तिथं एक नाव मिळवायला शंभर वर्षं लागली." ते वाक्य मला दिवसभर पुरलं.

कन्हान ओलांडली आणि धानाचा मुलूख सुरू झाला. कापणी होऊन कडपा पसरलेल्या, बांध्यांत पाखरं उतरलेली. मनसर जवळ आलं तशी रस्त्याकडेची माती काळपट होत गेली. हे मँगनीज. 1896 साली इंग्रजांनी त्यासाठी कंपनी काढली, पुढे या पट्ट्यातल्या खाणींतून निघालेली खनिजं आगगाडीने बंदराकडे आणि तिथून विलायतेला गेली. खाण अजून चालू आहे. ज्यांना जमिनीतलं मँगनीज दिसलं, त्यांच्या शेजारीच विटांची राजधानी पडून होती.

हिडिंबा टेकडीच्या पायथ्याशी आई जरा थबकली. तिच्या आठवणीत इथे झुडपं होती, बोरं होती आणि संध्याकाळी इकडे फिरकायचं नाही अशी आजीची ताकीद होती. आता टेकडीच्या अंगावरची माती निघालेली आहे. खालून वरपर्यंत विटांचे टप्पे, कोनाडे, पुन्हा कोनाडे, मधून वर जाणाऱ्या पायऱ्या. डोंगराच्या मूळ खडकाला चहूबाजूंनी विटांनी मढवून त्याचंच मंदिर केलेलं. मी फोटो पुष्कळ पाहिले होते, पण फोटोत त्याची उंची कळत नाही. खाली उभं राहून मान वर करावी लागते.

1997-98 पासून काही वर्षं इथे बोधिसत्त्व नागार्जुन स्मारक संस्थेने उत्खनन केलं. जगत्पती जोशी आणि अरुणकुमार शर्मा हे त्याचे प्रमुख. नावावरूनच दिसतं की इथे बौद्ध आचार्य नागार्जुनांचा वास होता अशी श्रद्धा या भागात आहे, आणि अनेक जण टेकडीला त्याच भावनेने नमस्कार करून जातात. खोदताना मात्र एक मुद्रा मिळाली, तिच्यावर अक्षरं होती 'प्रवरेश्वरस्य'. प्रवरेश्वर म्हणजे विदर्भावर राज्य करणाऱ्या वाकाटक घराण्यातल्या दुसऱ्या प्रवरसेन राजाचा देव. या राजाने आपली राजधानी नंदिवर्धनाहून प्रवरपुराला हलवली हे ताम्रपटांवरून माहीत होतं; प्रवरपूर म्हणजे कोणतं गाव, यावर वाद होता. महामहोपाध्याय वा. वि. मिराशींनी वर्ध्याजवळच्या पवनारला कौल दिला होता. आता बहुतेक अभ्यासक मनसरकडे बोट दाखवतात. मिराशींनी वाकाटकांचे लेख एकेक करून वाचले म्हणून तर हा प्रश्न विचारता आला. त्यांचं स्थळ बदललं तरी त्यांचं ऋण कमी होत नाही.

पोरीने आम्हांला टेकडीच्या कडेने फिरवलं. एका जागी थांबून सांगितलं, बांधकामाच्या खाली इथे चुन्यात घडवलेली एक मानवाकृती पुरलेली मिळाली. वास्तूच्या पायात पुरलेला पुरुष. उत्खननाच्या पुष्कळ आधी याच परिसरात शिवाची एक मूर्ती सापडली होती, ती आता दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. तिने फोनवर चित्र दाखवलं. पोट सुटलेलं, चेहऱ्यावर असं समाधान की जेवण होऊन ओट्यावर बसलेला घरचाच माणूस वाटावा. आई बराच वेळ ते चित्र पाहत राहिली. "हा आमच्याकडचा आहे," ती म्हणाली. "दिल्लीले कशाले नेला?"

मग ती वाकली आणि पायाशी पडलेल्या एका सुट्या विटेवर तिने हात ठेवला. हातभर लांब, पाटासारखी रुंद, आजच्या तीन विटा सहज बसतील एवढी. ती हात काढेना. पोरगी काळजीने पुढे आली, चक्कर आली की काय म्हणून. आई हळूच म्हणाली, "अशी वीट आमच्या घरी होती. तुळशीपाशी. बाबा पाय धुवायले तिच्यावरच उभे राहत."

मला काय बोलावं कळेना. पोरीला कळलं. ती आईच्या शेजारी टेकली. "मावशी, आजूबाजूच्या गावांत पाहा नं तुम्ही, कोणाच्या ओट्यात आहे, कोणाच्या विहिरीच्या काठाले आहे. लोकायले काय माहीत? पडलेली वीट होती, उचलली. आमच्याही घरी होती. आजी खोदकामावर जायले लागली तेव्हा तिनंच ओळखली." आईने मान हलवली, पण त्यानंतर उतरेपर्यंत ती एक शब्द बोलली नाही.

नगरधनला पोचेतो दुपार झाली. किल्ला बाहेरून भक्कम, चौकोनी, बुरुजांचा; आत भुयारासारख्या पायऱ्या उतरून देवीचं ठाणं. आज दिसतो तो किल्ला भोसल्यांच्या काळातला, पण या मातीखाली नंदिवर्धन आहे, वाकाटकांची जुनी राजधानी. किल्ल्याबाहेरच्या एका पिंपळाखाली डबे उघडले. पाटवडी, भाकर, कांदा. आणि तिथे त्या पोरीने आम्हांला प्रभावतीगुप्तेची गोष्ट सांगितली. मी वर्गात शिकवलेली गोष्ट, पण मला ती अशी कधी सांगता आली नव्हती.

गुप्त सम्राट दुसरा चंद्रगुप्त, त्याची ही लेक. लग्न होऊन पाटलीपुत्राहून इथे आली, या धानाच्या मुलखात. नवरा रुद्रसेन लवकर गेला, मुलगे लहान. मग इ.स. 400च्या मागेपुढे काही वर्षं राज्य तिने चालवलं. 2015 ते 2018 या काळात राज्य पुरातत्त्व विभाग आणि डेक्कन कॉलेजने नगरधनला उत्खनन केलं, तेव्हा मातीची एक लंबगोल मुद्रा मिळाली. वजन साडेसहा ग्रॅमही नाही. त्यावर शंख आणि ब्राह्मी अक्षरांत तिचं नाव. राजाचं नव्हे, तिचं.

"आणि मावशी, अजून एक गोष्ट," पोरगी म्हणाली. "तिच्या ताम्रपटात ती सासरच्या पूर्वजांची यादी देत नाही. बापाकडच्या पिढ्या सांगते. गोत्रही माहेरचंच लावते, धारण गोत्र."

आईचा घास हातात राहिला. "माहेरचं? आणि कोणी काही म्हटलं नाही?"

"राणीच होती जी ती. आज्ञाच तिची चालत होती."

आईने भाकर संपवली, डबा पुसून बंद केला, पिशवीत ठेवला. 49 वर्षांपूर्वी आर्वीकडे सून म्हणून आली तेव्हा मापटं ओलांडून आत आल्यावर तांदळात अंगठीने तिचं नवं नाव लिहिलं गेलं. जुन्या नावाने तिला हाक मारणारा आता एकच माणूस उरलाय, माझा मामा.

संध्याकाळी रामटेकचा गड चढलो. गाडी वरपर्यंत जाते, पण शेवटच्या पायऱ्या चढाव्याच लागतात. वराहाच्या भव्य मूर्तीखालून लोक सरपटत जातात. पापी माणूस अडकतो म्हणे. राममंदिराकडे सगळे जातात, आम्हीही गेलो. त्याआधी पोरीने आम्हांला केवल नरसिंहाकडे नेलं. छोटं, जाड भिंतींचं, बसक्या छपराचं मंदिर आणि आत तांबड्या दगडाचा प्रचंड नरसिंह, हातात चक्र घेऊन आरामात बसलेला. भिंतीत एक शिलालेख आहे, पुष्कळसा झिजलेला. त्याच्या वाचनावरून अभ्यासक सांगतात की हे मंदिर प्रभावतीगुप्तेच्या मुलीने आईच्या पुण्यासाठी बांधवलं आणि देवाला आईचं नाव दिलं, प्रभावतीस्वामी. आई आत हात जोडून उभी होती. मी दाराशी उभी राहून तिच्याकडे पाहत होते. दिवे लागायची वेळ, गाभाऱ्यात तेलाचा वास, आणि पाठीमागे खाली अंबाळा तलावावर उतरत चाललेला अंधार.

उतरताना रामटेकच्या पानाचा विडा घेतला. इथल्या बरयांच्या पानमळ्यांतलं पान तोंडात ठेवलं की विरघळतं. पोरीचा निरोप घेताना आईने तिच्या हातावर पैसे ठेवले, ठरलेल्या पैशांखेरीज. तिने नको म्हटलं. "आत्याच्या गावची आहेस, ठेव," आई म्हणाली, तेव्हा तिने वाकून नमस्कार केला.

दुसरा दिवस: रिद्धपूर, अचलपूर

हा दिवस मुख्यतः प्रवासाचा. रामटेकहून नागपूर, मग काटोल, वरूड. धान मागे पडलं, संत्र्याच्या बागा लागल्या. आंबिया बहाराची तोड चालू होती. रस्त्याकडेला संत्र्यांचे ढीग, प्रतवारी करणाऱ्या बाया, ट्रक. मोर्शीच्या पुढे कापूस. फुटलेली बोंडं आणि ओटीत कापूस वेचणाऱ्या बायांच्या रांगा. एका दिवसात आपल्या विदर्भाची तीन पिकं पाहून झाली.

रिद्धपूर महानुभावांची काशी. गोविंदप्रभूंचं गाव, मराठी गद्याचा पहिला उजेड जिथे पडला ते गाव. आता मराठी भाषा विद्यापीठही इथेच आहे. आम्ही मठात डोकं टेकवलं. पण माझ्यासाठी थांबण्याचं कारण आणखी एक होतं. प्रभावतीगुप्तेचा एक ताम्रपट याच गावात मिळालेला आहे आणि तो तिने काढला तो 'रामगिरीस्वामीच्या पायांपाशी', म्हणजे काल संध्याकाळी आम्ही जिथे होतो त्या गडावर. आम्ही गाडीने सहा तास घेतले. ते तांब्याचे पत्रे ज्याने कोणी इथवर आणले, त्याला किती दिवस लागले असतील? इथे त्याची खूण म्हणून पाहण्यासारखं काही नाही. तरी आईला मी एवढं सांगितलं, तर ती गावाच्या वेशीकडे वळून बघत राहिली.

अचलपूरला उन्हं कलताना पोचलो. हे वऱ्हाडच्या इमादशाहीचं गाव, इंग्रजांच्या कागदांत एलिचपूर. गावाबाहेर हौज कटोरा आहे. कोरड्या पडलेल्या तलावाच्या मधोमध अष्टकोनी, कमानींवर कमानी चढवलेली इमारत. बहमनी काळातली. भोवती शेतं, एक बकऱ्यांचा कळप, आणि कमानीत बसून अभ्यास करणारी दोन मुलं. पाणी असताना इथे नावेतून जावं लागत असेल. विदर्भात याहून देखणी कमान मी पाहिलेली नाही.

मग परतवाडा. अचलपूरला चिकटलेलं हे गाव म्हणजे हैदराबाद कंटिन्जंटची, निजामाच्या खर्चाने ठेवलेल्या आणि इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखालच्या फौजेची, छावणी. बाजारात अजून सागवान मोठ्या प्रमाणात येतं. मला बघायचं होतं ते अचलपूरचं रेल्वे स्टेशन. शकुंतला इथून सुटायची. यवतमाळ ते मूर्तिजापूर आणि मूर्तिजापूर ते अचलपूर, फूट अडीचचा तो अरुंद रूळ. किलिक निक्सन या इंग्रज कंपनीने वऱ्हाडचा कापूस मुंबईमार्गे मँचेस्टरला न्यायला तो टाकला. अचलपूरचा फाटा 1913चा. इंजिनही मँचेस्टरचंच, 1921 साली घडवलेलं, आणि ते 1994पर्यंत धावलं. आता गाडी बंद आहे. रुळांमध्ये गवत माजलेलं. आई म्हणाली, लग्नानंतर पहिल्या वर्षी ती आणि बाबा मूर्तिजापूरहून या गाडीत बसून परतवाड्याच्या नात्यातल्या लग्नाला आले होते. गाडी इतकी हळू की बाबा उतरून बाजूने चालत बोरं तोडून आणत होते. बाबांची ही गोष्ट मी पहिल्यांदा ऐकली.

तिसरा दिवस: गाविलगड, चिखलदरा

सकाळी घाट चढलो. सागाची पानं गळायला लागलेली, थंडी बोचरी. गाविलगडावर वाटाड्या म्हणून जवळच्या पाड्यावरचे एक कोरकू आजोबा मिळाले. कमी बोलणारे, झपझप चालणारे, पण आईसाठी प्रत्येक वळणावर थांबणारे.

गड अफाट आहे. गवळ्यांचा म्हणून गाविलगड. 1425च्या सुमारास बहमनी सुलतान अहमदशहाने तो नव्याने बांधला. शार्दूल दरवाजावरचे सिंह आणि दोन तोंडांचा गंडभेरुंड पक्षी अजून धारदार आहेत. आत तलाव, मशीद, माजलेल्या गवतात आडव्या पडलेल्या तोफा. आजोबा तोफेवर हात ठेवून एवढंच म्हणाले, "इची तोंड खाली आहे. आता कोणावर धरायची?"

उत्तरेच्या बाजूला त्यांनी आम्हांला तटाच्या फुटक्या भागाकडे नेलं. 1803चा डिसेंबर. अडगावची लढाई भोसले नुकतेच हरले होते. कर्नल स्टीव्हन्सनच्या फौजेने डोंगरातून रस्ता पाडत तोफा इथवर ओढून आणल्या. ऑर्थर वेलस्ली, पुढचा वेलिंग्टन, दक्षिणेच्या बाजूला होता. 13 तारखेला मारा सुरू झाला आणि 15 तारखेला बाहेरचा तट फोडून, आतल्या तटाला शिड्या लावून इंग्रज आत शिरले. किल्लेदार बेनीसिंग लढता लढता पडला. दोन दिवसांनी, 17 तारखेला, देवगावचा तह झाला. वर्धा नदीच्या पश्चिमेचा मुलूख भोसल्यांच्या हातून गेला. कामठीच्या छावणीचा रस्ता इथूनच सुरू होतो, हे मला त्या तटावर उभं राहिल्यावर समजलं. वर्गात मी ते दोन वेगळ्या धड्यांत शिकवते.

इंग्रजांच्याच नोंदींत आहे की शेवट दिसू लागल्यावर गडावरच्या राजपूत सरदारांनी आपल्या बायका-मुलींवर तलवारी चालवल्या. मी हे आईला सांगायचं की नाही, या विचारात होते. सांगितलं. ती म्हणाली, "नावं?"

"नाहीत, आई. वेलस्लीचं आहे, बेनीसिंगचं आहे. त्या बायकांची नाहीत."

ती तटाच्या दगडावर बसून राहिली. खाली दरीत धुकं होतं. आजोबांनी काही न विचारता पाण्याची बाटली पुढे केली.

चिखलदरा गडावरून थोड्याच अंतरावर. 1823 साली हैदराबाद कंटिन्जंटच्या कॅप्टन रॉबिन्सनला ही जागा आवडली आणि तापत्या वऱ्हाडातले साहेब उन्हाळ्यात इथे येऊ लागले. जुने बंगले, बाग आणि त्यांनीच रुजवलेली कॉफी. महाराष्ट्रात कॉफी पिकवणारी ही जागा. एका टपरीवर आम्ही ती प्यायलो, शेजारी गवळ्याकडची दाट रबडी. पण गावकरी नावाची गोष्ट साहेबापासून सुरू करत नाहीत. भीमाने कीचकाला मारून या दरीत फेकलं, म्हणून कीचकदरा, त्याचं चिखलदरा. मग भीमकुंडात हात धुतले.

"इथंही भीमच?" आई म्हणाली. "तिकडं हिडिंबा, इकडं भीम." थोडा वेळ ती विचार करत होती. "ज्याचं नाव कोणाले आठवत नाही, ते भीमाचं म्हणत असतील आपले लोक." इतकी वर्षं इतिहास शिकवून मला हे सुचलं नव्हतं.

घाट उतरताना फोनला रेंज आली. आईने मामाला फोन लावायला सांगितला. मामा नेहमीसारखा मोठ्याने बोलत होता, पुढच्या सीटपर्यंत ऐकू येत होतं. त्याने तिला माहेरच्या नावाने हाक मारली.

"अरे, ते तुळशीपाशी मोठी वीट होती, बाबा पाय धुवाचे तिच्यावर. आहे काय अजून?"

"आहे नं. गोठ्याच्या दारात आहे. काहून?"

"काढून धुऊन ठेव. कोणाले देजो नोको. मी येऊन राहिली रविवारी. एका पोरीले संग आणतो, तिले दाखवाची आहे."